किल्ली औशाला, कुलूप इस्लापूरकडे

मी सिनेमा बघून रडणाऱ्यांतली नाही. आमच्या घरी ते खातं यजमानांकडे आहे. बातम्यांत विहिरीतून काढलेलं मांजर दाखवलं तरी ते रुमाल शोधतात. पण चिपळूणला त्या मास्तरांच्या सिनेमाला आम्ही गेलो आणि मध्यंतरानंतर त्यांचा रुमाल मीच मागून घेतला. ज्यांनी तो पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. एका आडगावात एक तरुण शिक्षक येतो. त्याला आडनाव नाही, सगळे त्याला नुसतं 'सर' म्हणतात. त्याला हाकलून लावायला गावचा दुष्ट सरपंच शाळेला कुलूप ठोकतो. सर मुलांना घेऊन झाडाखाली शाळा भरवतात आणि शेवटी एक दगड उचलून ते कुलूप फोडतात. दगड कुलपावर बसला तेव्हा सगळं थिएटर टाळ्या वाजवत होतं. मीही वाजवल्या, आणि सरपंचाला मनातल्या मनात चार शिव्या हासडल्या.

सिनेमाच्या सुरुवातीला 'सत्यकथेवर आधारित' अशी पाटी होती. पुढे वर्तमानपत्रात वाचलं की ती खरी शाळा नांदेड जिल्ह्यात, इस्लापूरजवळच्या एका गावात आहे. तेव्हापासून माझ्या डोक्यात किडा वळवळायला लागला. टेलिफोन खात्यातून निवृत्त झाल्यावर बाईमाणसाने काय करावं याचे सल्ले मला पुष्कळ मिळाले होते. त्यात नांदेड कुणीच सुचवलं नव्हतं. यजमान म्हणाले, "सिनेमा संपला ना? मग आता काय बघायचं राहिलं?" सप्टेंबरात मी एकटीच पनवेलहून गाडीत बसले.

नांदेडला उतरले तेव्हा नुकताच पाऊस होऊन गेला होता आणि स्टेशनाबाहेर ऑटोवाले एकमेकांना उर्दू वळणाच्या मराठीत चिडवत होते. पहिला नाष्टा केला सुशीलाचा (भिजवलेल्या चुरमुऱ्यांचा, पोह्यांसारखा फोडणीचा प्रकार). दुपारी गुरुद्वाऱ्याच्या लंगरात पंगतीला बसले. वाढणाऱ्या सरदारजींनी रोटी ताटात टाकली नाही, माझे दोन्ही हात पुढे करायला लावून त्यावर ठेवली. कोकणी माणसाला जेवणात भात आला नाही तर जेवण झालं असं वाटत नाही, पण त्या दिवशी मला भाताची आठवण आली नाही. ती दुसऱ्या दिवशी आली, आणि मग भात मिळेपर्यंत गेली नाही.

सकाळी आदिलाबादच्या बाजूला जाणारी गाडी धरली. मुदखेडला फुलांच्या टोपल्या घेऊन बायका चढल्या आणि डब्याला काकड्याचा (मोगऱ्यासारख्या पांढऱ्या फुलाचा) वास भरून राहिला. शेजारी बसलेलीने विचारलं, "कुठं निघाल्या बाई? धबधब्याला?"

"नाही, शाळा बघायला."

तिने माझ्या पांढऱ्या केसांकडे पाहिलं. "आता कोनत्या वर्गात बसून राहिल्या?"

सगळ्या टोपल्यांमागून हसू आलं. मी सिनेमाचं सांगितल्यावर मात्र तिने मान हलवली. "ती पिक्चरची शाळा व्हय. लई लोक येतेत. फोटो काढतेत अन् जातेत." उतरताना तिने मूठभर फुलं माझ्या पिशवीत टाकली.

सहस्रकुंडचा धबधबा वाटेतच होता म्हणून आधी तिकडे गेले. पैनगंगा तिथे काळ्या कातळावरून शंभर ठिकाणी फुटून खाली येते. पलीकडचा काठ विदर्भाचा, अलीकडचा मराठवाड्याचा. पाणी गढूळ चहाच्या रंगाचं होतं आणि आवाज असा की शेजारच्या माणसाशीही खुणेनेच बोलावं लागत होतं. आम्हा कोकणातल्यांना धबधब्याचं कौतुक नसतं, तरी मी तिथे बराच वेळ उभी राहिले. मग ऑटो करून गावाकडे निघाले. गावाचं नाव मी लिहीत नाही. तिथल्या लोकांनीच तसं सांगितलं, फोटो काढणाऱ्यांना ते कंटाळले आहेत.

रस्त्याच्या दोन्ही बाजूंना सोयाबीन आणि मध्ये मध्ये कापूस. शाळा दोन खोल्यांची, रंग नवा, आणि समोर कडुलिंबाचं झाड. सिनेमात तो वड होता. मधली सुट्टी चालू होती. एक मुलगी दारात कमरेवर हात ठेवून उभी होती आणि घोगरा आवाज काढून म्हणत होती, "ठोका कुलूप!" बाकीची पोरं हसून लोळत होती. तिथल्या तरुण शिक्षिका, कांचनमॅडम, बाहेर आल्या तशी पोरं पांगली.

"सिनेमा आल्यापासून हाच खेळ," त्या म्हणाल्या. "तुम्हीपण झाडाचाच फोटो घेणार ना?"

मी घेतला. खोटं कशाला बोलू. सतरा सप्टेंबरला मराठवाडा मुक्तिदिनाचं झेंडावंदन असतं, त्याची तयारी सुरू होती. मॅडमना वेळ नव्हता आणि मला पुढे काय बघायचं ते कळत नव्हतं. शाळा पाहिली, झाड पाहिलं. यजमानांचं म्हणणं खरं होतं की काय, असं वाटायला लागलं.

परत फिरताना गावातल्या वाटेवर काळ्या मातीने माझी चप्पल धरली ती सोडेना. मी जोर केला तर चप्पल तिथेच राहिली आणि मी चिखलात बसले. समोरच्या घराच्या ओट्यावरून एक उंच म्हातारे गृहस्थ काठी टेकत आले, मला उठवलं, पाय धुवायला पाणी दिलं आणि चप्पलही उपटून, धुऊन आणली. त्यांच्या बायकोने, सुंदरबाईंनी, विचारपूस न करता आधी जेवायला वाढलं. ज्वारीची भाकरी, पिठलं, आणि असा ठेचा की माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. सिनेमानंतर प्रथमच.

पोट भरलं की माझी जीभ सुटते. मी त्या दोघांना सिनेमा कसा आवडला ते सांगितलं, मास्तर कसे थोर ते सांगितलं, आणि म्हटलं, "पण तो कुलूप ठोकणारा सरपंच! गावात असेल तर मला दाखवू नका. तोंडावर काहीतरी बोलून बसेन."

सुंदरबाईंनी पदर तोंडाला लावला. म्हातारे शांतपणे म्हणाले, "बोला की. जेवून तं झालं."

मला क्षणभर कळेना. मग कळलं.

"सरपंच मातर कधी नव्हतो," ते म्हणाले. "तेवढं पिक्चरवाल्यांनी वाढवून टाकलं. किसनराव माझं नाव. कुलूप म्याच लावलं व्हतं."

मी माफी मागायला लागले तर त्यांनी हाताने थांबवलं. रागावलेले दिसत नव्हते. रागावले असते तर मला बरं वाटलं असतं.

"पिक्चरमदी खोटं कायच न्हाई बाई. कुलूप खरं. मास्तर लेकरं घिऊन लिंबाखाली बसला ते बी खरं. निस्तं उलटं करून ठिवलं. मकबूल गुरुजी आमच्याकडं आले तवा शाळेत ढोरं बांधायचो आमी. त्या मानसानं घरोघर फिरून लेकरं गोळा केली. कापूस येचायच्या दिसात लेकरं रानात गेली तं हा फळा घिऊन रानात. असा मास्तर कोन सोडील? बदली आली तवा आमी सगळ्यांनी ठरवलं, शाळेला कुलूप. मास्तर जाऊ द्यायचा न्हाई."

मराठवाड्यात ही रीतच आहे, हे मला पुढे बसमध्येही दोघातिघांनी सांगितलं. शिक्षक हवा असला की गाव शाळेलाच कुलूप ठोकतं. शाळेचं दप्तर आत अडकलं की जुन्या गुरुजींना नव्या गुरुजींकडे चार्ज (शाळेचा ताबा) देता येत नाही, आणि चार्ज दिल्याशिवाय गाव सोडता येत नाही. मकबूल गुरुजी कुलूप असलेले सगळे दिवस मुलांना घेऊन झाडाखाली बसले. नवे मास्तर आले आणि परत गेले. शेवटी साहेब येऊन बदली रद्द करून गेले, गावाने गुलाल उधळला. गुरुजी निवृत्त होईपर्यंत तिथेच राहिले.

"मग हे सगळ्यांना सांगा ना," मी म्हणाले. "तुम्ही तर चांगलंच केलं होतं."

किसनरावांनी ओट्याच्या कडेच्या कडब्याच्या खोलीकडे बोट केलं. दाराला तळहाताएवढं पितळी कुलूप होतं, तेलपाण्याने चकचकीत ठेवलेलं. शाळेला नवं दार बसलं तेव्हा ते त्यांनी घरी आणलं होतं.

"बदली कुठं आली व्हती माहीत हाय का? औशाला. त्यांच्या सोताच्या गावाला. माय तिथं हाथरुणाला खिळलेली. त्या टायमाला आमाला त्याचं कायच वाटलं न्हाई. पोरानं थेटरात नेलं अन् पिक्चर बघितला, तवा वाटलं, हे लोक खरं तेच दाखवून राहिले की काय. गुरुजीच्या मनातलं त्यांनीच सांगितलं असंल ह्यांला. म्या त्या मानसाला कोंडून ठिवलं. माय तिकडं वाट बघू बघू गेली."

"त्यांना फोन करून विचारा."

"त्यांचा येतो फोन. मी घेत न्हाई. इचारलं तं ते न्हाईच म्हनतील. माझं मन राखायला खोटं बोलतील. त्यांचा सभावच तसा. फोनवर तोंड दिसत न्हाई."

सुंदरबाई पुढे म्हणाल्या, "लई वर्सं झेंड्याची दोरी हेच वडीत. आता साळंकडं फिरकत बी न्हाईत."

"लेकरं हसतेत," किसनराव म्हणाले. "त्याचं काय न्हाई, लेकरं हायत. पन तिथं उभं ऱ्हायला माझंच मन घेत न्हाई." मग एकदम माझ्याकडे वळले. "तुमी पुढं कुठं चालल्या?"

मी खरं तर घरी चालले होते. पण तोंडातून निघून गेलं, "लातूरला."

"मंग औसा जवळच हाय. किल्ल्याकडं जायच्या रोडला त्यांच्या भावाचं कुलपाचं दुकान. इचारा त्यांला, तवा जायाचं व्हतं का. अन् उत्तर नका ऐकू. तोंडाकडं बघा."

नांदेडहून लोहा, अहमदपूर करत एसटी लातूरला पोचते. खिडकीजवळची जागा मिळाली होती, पण माझं बाहेर लक्ष नव्हतं. लातूरला उतरले तर चौकाचौकात मास्तरांचीच पोस्टरं. कोचिंग क्लासच्या या गावात शिक्षक हात बांधून, मान किंचित तिरकी करून, नटासारखे उभे असतात आणि खाली गुणवंतांचे फोटो. पाठीला ओझी लावलेली पोरंपोरी घोळक्याने एका क्लासातून दुसऱ्या क्लासात चालली होती. निलंगा राईसच्या गाड्यावर ती उभ्याउभ्या खात होती. मीही एक प्लेट घेतली. मसालेदार, पिवळाधमक, पण भात. मला तिथल्या गाडीवाल्याला मिठी मारावीशी वाटली. त्याने मला कुठल्या क्लासच्या मुलाची आजी असं विचारलं.

औशाची बस रिकामी होती. किल्ला रस्त्याच्या कडेने खोल खंदकात बसलेला आहे, दुरून उंच दिसत नाही. कुलपांचं दुकान विचारावं लागलं नाही, दारावरच एक हातभर लाकडी कुलूप टांगलेलं होतं. आत पुतण्या गल्ल्यावर, आणि कोपऱ्यातल्या स्टुलावर एक बारीक, चष्म्यातले गृहस्थ कानशीने किल्ली घासत बसले होते. सिनेमातल्या सरांना केवढ्या मिशा होत्या, मोटारसायकल होती, एक गाणंसुद्धा होतं. मला आधी वाटलं, हे कारागीर असावेत.

"मकबूल गुरुजी आहेत का?"

"बसा ताई," ते म्हणाले. "सिनेमा बघून आलात ना? माझ्याकडे बघून सगळे असेच गप्प होतात."

चहा आला. मी बाकीचं काही न बोलता किसनरावांचं नाव घेतलं, तशी कानस थांबली.

"कसे आहेत?"

"त्यांनी एक विचारायला सांगितलंय. बदली आली तेव्हा तुम्हाला जायचं होतं का?"

मला तोंडाकडे बघायला सांगितलं होतं, म्हणून मी डोळे लावून बसले होते. गुरुजींनी चष्मा काढला, पुसला, परत लावला. मग सरळ माझ्याकडे बघून म्हणाले, "हो. जायचं होतं. बदलीचा अर्ज मीच केला होता."

हे मी त्या ओट्यावर जाऊन कसं सांगणार होते? त्या क्षणी मला सिनेमावाल्यांचा, बदली करणाऱ्या साहेबांचा आणि 'लातूरला' म्हणणाऱ्या माझ्या जिभेचा सारखाच राग आला.

गुरुजींनी खिशातून किल्ल्यांचा जुडगा काढला. त्यातली एक जुनी, जाड पितळी किल्ली वेगळी धरली.

"ते कुलूप मीच शाळेसाठी इथून नेलं होतं. या दुकानातलं. एक किल्ली शाळेच्या खिळ्याला असायची, ती त्यांनी घेतली. दुसरी माझ्याकडे होती. कुणाला माहीत नव्हतं."

मी किल्लीकडे बघत राहिले.

"पहिल्या दिवशी गाव झोपलेलं असताना कुलूप काढायचं, दप्तर घ्यायचं, चार्ज देऊन औशाला यायचं, असं ठरवलं होतं मी. पहाटे शाळेजवळ गेलो. तर दारासमोर पोरांनी रांगोळी काढून ठेवलेली. कुलपाला फुलं वाहिलेली, ताई. कुलपाला! मी किल्ली परत खिशात टाकली आणि झाडाखाली जाऊन बसलो. पोरं आली तसा पाढे म्हणायला लागलो. मग रोजच किल्ली खिशात होती."

"आणि आई?"

"सुट्टीच्या दिवशी येऊन तिला सगळं सांगितलं. रडलो पण. तिला म्हटलं, गाव मला सोडत नाही. तिने किल्ली हातात घेऊन बघितली आणि हसली." गुरुजींनी आईच्या दखनीत सांगितलं, "'ताला उनो लगाए, चाबी तेरे जेब में, फिर रोता कायकू? रहना है तो रह.' त्यानंतर ती पुष्कळ वर्षं होती. शेवटी माझ्याच मांडीवर गेली. मे महिन्यात, मी घरीच होतो."

"मग हे किसनरावांना का नाही सांगितलं?" माझा आवाज चढला. पुतण्याने वर पाहिलं.

"कसं सांगू? त्या गावाने मिळून केलेली ती पहिली गोष्ट. आपण मास्तर राखला, असं ते छाती फुगवून सांगायचे. त्यांना म्हणू, तुम्ही राखला नाही, मीच राहिलो? आणि सिनेमावाले आले तेव्हा मी त्यांना कुलूप लावलेल्या दाराचा फोटो दाखवला. समोर किसनराव हात वर करून उभे, कडेला झाडाखाली आम्ही. मी पुढचं सांगत होतो, तर ती मंडळी म्हणाली, बस गुरुजी, समजलं. काय समजलं ते मला लातूरच्या थेटरात कळलं. तेव्हापासून फोन करतो, सुंदरबाई भाभी म्हणतात, शेतात गेलेत. मला वाटलं, त्यांना माझं तोंड बघायचं नाही."

मी टेलिफोन खात्यात आयुष्य काढलं. माणसांची बोलणी जोडून देणं हेच माझं काम होतं. इथे दोन सज्जन माणसं एकमेकांचं मन जपता जपता वर्षभर गप्प बसली होती, आणि मला दोघांचे कान उपटावेसे वाटत होते.

"गुरुजी," मी म्हणाले, "त्या माणसाला वाटतंय, त्याने तुम्हाला कोंडलं आणि आईपासून तोडलं. त्याने झेंड्याजवळ जाणंही सोडलंय. गावाची फुगलेली छाती राखायची की त्याला सोडवायचं, ते तुम्ही ठरवा. मी निरोप सांगणार नाही. मला येत नाही सांगता."

ते कानस उचलून ती अर्धी राहिलेली किल्ली पुन्हा घासायला लागले. मी लातूरला परत आले, लॉजवर चरफडत पडले, आणि सकाळी नांदेडच्या बसला गेले तर फलाटावर गुरुजी पिशवी घेऊन माझ्या आधी उभे. पिशवीत भाभींसाठी साडी होती आणि घरून दिलेला खिचडीचा डबा. "उद्या सतरा सप्टेंबर आहे," एवढंच म्हणाले. प्रवासात त्यांनी मला खिचडी आणि खट्टा (चिंचेचं आंबट कालवण) खायला लावलं. सलग दोन दिवस भात मिळाल्याने माझा स्वभाव बराच सुधारला होता.

गावात पोचलो तेव्हा गुरं घराकडे परतत होती. किसनराव ओट्यावर होते. गुरुजींना पाहून ते काठीवर भार देऊन उभे राहिले, पण पुढे आले नाहीत. गुरुजीही 'राम राम' म्हणाले नाहीत. सरळ कडब्याच्या खोलीपाशी गेले, जुडग्यातली ती किल्ली काढली आणि कुलपात घातली. ती फिरेना.

"दाबून फिरवा," किसनरावांच्या तोंडून सवयीने निघालं.

"माहीत आहे," गुरुजी म्हणाले, आणि कुलूप उघडलं.

किसनरावांनी कमरेच्या कडदोऱ्याला बांधलेली आपली किल्ली सोडली. गुरुजींच्या हातातली घेतली. दोन्ही तळहातावर शेजारी ठेवून बघत राहिले.

"तवापासून?"

"तेव्हापासून."

"जायचं व्हतं का पन?"

"होतं. अर्ज माझाच होता. पहिल्याच पहाटे उघडायला गेलो होतो. मग नाही उघडलं." आणि गुरुजींनी आईचं वाक्य जसंच्या तसं सांगितलं, तिच्याच बोलीत.

किसनराव खाली बसले. मग त्यांनी मान वर केली तेव्हा ते चक्क चिडलेले होते.

"चाबी खिशात व्हती, अन् लेकरं घिऊन उन्हात कामून बसला हो मास्तर? माझी पोरगी काळी ठिक्कर पडली व्हती तवा!"

"गावाने लावलं होतं कुलूप. मी कसं उघडणार?"

"गावानं लावलं म्हून तं ते ऱ्हायले," सुंदरबाई चुलीपासून म्हणाल्या. "न्हाई लावलं असतं तं हे कशाला थांबतेत? कुलूप बी लागत व्हतं अन् चाबी बी. आता दोघं बी च्या घ्या." आणि मला म्हणाल्या, "तुमी बी घ्या. लई फिरल्या." मग त्यांनी पदराने डोळे पुसले, आणि मीही पुसले. या वेळी ठेचा नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळी किसनराव धुतलेला फेटा बांधून शाळेत गेले. ती सरपंच होणारी मुलगी पहिल्या रांगेत होती. कांचनमॅडमनी काही न विचारता दोरी त्यांच्या हातात दिली. झेंडा वर गेला, फुलं पडली, त्यांत मुदखेडचा काकडा माझ्या पिशवीतला होता, सुकलेला. मग किसनरावांनी पोरांना सगळी गोष्ट आपल्या तोंडाने सांगितली आणि शेवटी गुरुजींकडे काठी दाखवून म्हणाले, "हा मास्तर लई लबाड. ह्यानं आख्ख्या गावाला गंडवलं." म्हातारी माणसं इतकी हसली की पोरांना काय झालं ते कळेना. गुरुजी कडुलिंबाला टेकून उभे होते आणि लाजत होते. आता त्या शाळेत पोरं कुठला खेळ खेळतात कोण जाणे, पण किल्लीवाल्याचं काम करायला भांडण होत असावं.

मी परत आले. चिपळूणला पाऊस कोसळत होता, घरात भात शिजत होता, आणि यजमानांनी विचारलं, "काय, सापडली का खरी गोष्ट?" मी म्हटलं, सापडली, पण तिच्यात फोडाफोडी नाही, त्यामुळे तुम्हाला आवडायची नाही. एवढ्या प्रवासाने मी काय शिकले, असं कुणी विचारलं तर मला नीट सांगता येणार नाही. मी एका माणसाला त्याच्या ओट्यावर बसून शिव्या घातल्या आणि त्याने माझी चप्पल धुऊन दिली, हे मात्र विसरणार नाही.

गेल्या आठवड्यात तो सिनेमा टीव्हीवर लागला होता. मी स्वयंपाकघरात होते. बाहेरून यजमानांची हाक आली, आवाज भरून आलेला, "अगं ये लवकर, तुझे सर कुलूप फोडतायत!"

"फोडू देत," मी आतूनच म्हणाले. "त्यांच्याकडे किल्ली नाही बिचाऱ्यांकडे."